होमलोन कंपनीले दीड स्टार, तालुक्याच्या विधी सेवा समितीले साडेचार

स्टार आधीच सांगून टाकतो, म्हणजे ज्याले लंबं वाचायचा कंटाळा आहे त्याचं काम इथंच होते. गावात येऊन घरासाठी लोन देणारी जी खाजगी हाउसिंग फायनान्स कंपनी आहे तिच्या सेवेले ५ पैकी दीड. तालुक्याच्या कोर्टातल्या विधी सेवा समितीले, जी मोफत वकील देते तिले, साडेचार. कंपनीचं नाव लिहत नाही, भाऊजीचं मॅटर आत्ता कुठं मिटलं आहे, उगा नवीन फाटे कायले फोडायचे. अन् नाव लिहूनही फायदा काय, आमच्या इकडं किती कंपन्यांचे पोट्टे मोटरसायकलवर फिरून राहिले, बॅगवरचा लोगो तेवढा वेगळा, फॉर्म सगळ्यांचा सारखाच.

माझं पुसद-दिग्रस साइडले तहसीलसमोर झेरॉक्स, टायपिंग अन् ऑनलाइन फॉर्मचं दुकान आहे. उत्पन्नाचा दाखला, पीक विमा, सातबारा हे तर रोजचंच. पण गेल्या काही वर्षांत लोक एक नवीनच कागद घेऊन यायले लागले, रजिस्टर पोस्टानं आलेली इंग्रजीतली नोटीस, अन् म्हणतात भाऊ यात काय लिहलं ते जरा सांग ना. मी वकील नाही, पण इतक्या नोटिसा वाचल्या की आता पहिल्या पानावरूनच समजते गाडी कोणत्या स्टेशनवर उभी आहे.

आधी लोनचं सांगतो. माझ्या मोठ्या ताईचे मिस्टर, म्हणजे आमचे भाऊजी, थोडी कोरडवाहू शेती अन् गावात पिठाची गिरणी. २०२२ च्या सुरुवातीले घर बांधायले काढलं. सरकारी बँकेत गेले तर आयटी रिटर्न आणा, एनए म्हणजे बिनशेती प्लॉट आणा. गावठाणातल्या घराले एनए कुठून आणणार, तिथं ग्रामपंचायतीचा नमुना ८ हाच कागद. या कंपनीनं नमुना ८ चालवून घेतला, त्यांचा माणूस अर्धा दिवस गिरणीसमोर खुर्ची टाकून बसला, किती डबे दळायले येतात ते मोजलं अन् त्यावरून इन्कम धरलं. हे मले खरंच आवडलं. कागद नसणाऱ्या माणसाची कमाई मोजायची तसदी दुसऱ्या कोणी घेतली नाही, एक स्टार याचाच आहे.

पण मग आकडे पहा. मंजूर ९ लाख, रेट साडेतेरा टक्के फ्लोटिंग म्हणजे बदलता, मुदत १५ वर्ष, हप्ता ११,६८५. त्या ९ लाखातले ४२ हजार विम्याचे, एकरकमी प्रीमियम लोनमध्येच मिसळून दिलेला, म्हणजे विम्याच्या पैशावरही पंधरा वर्ष साडेतेरा टक्क्यानं व्याज. पोट्टा म्हणे काका विमा कंपल्सरी आहे. कंपनीचाच विमा घेतल्याशिवाय लोन नाही असा काही कायदा नाही, अन् पॉलिसी पटली नाही तर कागद हाती आल्यावर परत करायची मुदतही असते, सध्या ३० दिवस आहे. भाऊजीच्या हाती पॉलिसीच आली नाही, ती ईमेलवर गेल्ती अन् ईमेल आयडी त्या पोट्ट्यानंच बनवून टाकलेला.

वरून सबसिडीचं गाजर. २ लाख ६७ हजार खात्यात येईन म्हणे. ती व्याज सबसिडी प्रधानमंत्री आवास योजनेच्या शहरी भागातली होती, भाऊजीचं गाव त्या यादीत कुठंच नाही, अन् कमी उत्पन्नवाल्यांसाठी ती योजना ३१ मार्च २०२२ ले बंदच झाली. गावाकडच्या माणसाले घरकुल वेगळं अन् लोनवरची सबसिडी वेगळी हे कोण समजावून सांगणार. आमच्या दुकानात अजूनही कोणी कोणी विचारते, भाऊ माझी सबसिडी कुठपर्यंत आली ते पहा ना ऑनलाइन.

रेटचा खेळ तर लोकायच्या ध्यानातच येत नाही, कारण हप्ता तेवढाच राहते. मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत रिझर्व्ह बँकेनं रेपो, म्हणजे ती बँकांले ज्या रेटनं पैसे देते तो, ४ वरून साडेसहावर नेला. बँकांचे फ्लोटिंग होमलोन १ ऑक्टोबर २०१९ पासून रेपोसारख्या बाहेरच्या रेटले बांधलेले आहेत, पण हाउसिंग फायनान्स कंपनीले तो नियम नाही, तिचा स्वतःचा रेट असते, ती वर नेताना पटकन नेते. भाऊजीचा झाला १५ टक्के. हप्ता ११,६८५ च ठेवला, भाऊजी खुश. आता हिशोब करा, ९ लाखाले १५ टक्क्यानं महिन्याचं व्याजच होते ११,२५०. उरले ४३५ रुपये, तेवढीच मुद्दल फिटणार. पहिल्या दिवसापासून हाच रेट धरला तर १८० हप्त्याचं लोन २६५ हप्त्यावर जाते, म्हणजे बावीस वर्ष. गिरणीचा पट्टा एवढी वर्ष टिकत नाही. रिझर्व्ह बँकेचं ऑगस्ट २०२३ चं सर्क्युलर आहे की रेट बदलला तर ग्राहकाले विचारा, हप्ता वाढवू का मुदत वाढवू का दोन्ही थोडं थोडं, अन् फिक्स रेटवर जायचा पर्यायही तेव्हा द्यावाच लागे. भाऊजीले विचारणं सोडा, एसएमएस आला तो पण इंग्रजीत, त्याच नंबरवर जो सिमकार्ड बदलून टाकलेला.

मग २०२४ चा हंगाम. सोयाबीनचा हमीभाव ४,८९२ अन् मार्केटात चार हजाराच्या आसपास, त्यात ताईचं ऑपरेशन निघालं. शेतकऱ्याचा पैसा दिवाळीनंतर एकदम येते, ईएमआय मात्र दर महिन्याच्या ५ तारखेले. हप्ते चुकले. दर बाउन्सवर चार्ज, त्याच्यावर पेनल म्हणजे दंड. ९० दिवस थकले की खातं एनपीए, म्हणजे बुडीत धरतात, अन् एकदा एनपीए झालं की एखादा हप्ता भरून ते सुधरत नाही, थकलेलं सगळं भरावं लागते, मागचं व्याज धरून. हे कोणी सांगत नाही. भाऊजी मधात मधात पाच हजार, सात हजार वसुलीवाल्याच्या हातात देत राहिले अन् त्यायले वाटे आपण भरून राहिलो, खातं चालू आहे.

वसुलीवाल्यायचंही सांगतोच. एक जण होता तो रात्री नऊ वाजता गिरणीवर येऊन चार लोकांत आवाज चढवे. वसुलीसाठी सकाळी ८ च्या आधी अन् संध्याकाळी ७ च्या नंतर फोन करायचा नाही, धमकी द्यायची नाही, हा रिझर्व्ह बँकेचा ऑगस्ट २०२२ चा आदेश आहे, अन् गुंड लावून वसुली करू नका हे सुप्रीम कोर्टानं २००७ मध्येच प्रकाश कौरच्या केसमध्ये सुनावलं, तिथं मॅटर बँकेचं अन् ट्रकचं होतं. दुसरा पोट्टा मात्र भला निघाला. त्यानं बाजूले घेऊन सांगतलं, काका माह्याशी बोलून काही होत नाही, तुमी जे काही म्हणून राहिले ते कागदावर लिहून ऑफिसले पाठवा, अन् खात्याचं पूर्ण स्टेटमेंट कसं मागायचं तेही त्यानंच सांगतलं. राहिलेला अर्धा स्टार त्या पोट्ट्याचा.

अन् मले जे सांगायचं आहे ते नेमकं हेच आहे. आपल्या इकडच्या माणसाची सगळी लढाई तोंडी. वसुलीवाल्याले सांगतलं, मॅनेजरले फोनवर सांगतलं, त्यानं हो म्हटलं. फाइलीत काय, शून्य. कंपनीचा प्रत्येक शब्द रजिस्टर पोस्टानं आलेला, आपला एकही शब्द कुठं लिहलेला नाही. मग वरचं ऑफिस असो का कोर्ट, ते फाइल पाहतात अन् फाइलीत कर्जदार गप्पच दिसते.

नोटीस आली ती सरफेसी कायद्याची, २००२ चा कायदा आहे, कलम १३(२). यात कंपनी कोर्टात न जाता घर ताब्यात घेऊ शकते, लोकायचा विश्वासच बसत नाही, म्हणतात कोर्टाच्या ऑर्डरशिवाय कसं काय घेईन. घेते. सुप्रीम कोर्टानं २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या केसमध्ये हा कायदा वैध ठरवला, फक्त दाद मागायच्या आधी ७५ टक्के रक्कम भरा ही जी अट होती ती तेवढी उडवली. नोटीस आली की ६० दिवस मिळतात. त्या दिवसांत तुमी लेखी हरकत दिली तर कंपनीले १५ दिवसांत कारणासकट उत्तर द्यावंच लागते, कलम १३(३ए). अन् नोटीस आल्यावर कंपनीच्या लेखी परवानगीशिवाय घर विकता येत नाही, दुसऱ्याच्या नावानं करता येत नाही. हे मुद्दाम लिहून राहिलो कारण नोटीस आल्यावर पोराच्या नावानं बक्षीसपत्र करून टाकू असा सल्ला देणारे गावात लय आहेत.

भाऊजीची नोटीस माझ्याकडं आली तेव्हा त्यातले बरेच दिवस गेलेले, कपाटात पीक विम्याच्या पावतीखाली पडून होती. तोपर्यंत चहाच्या टपरीवरचे सल्ले चालू होते, त्याचाही रिव्ह्यू करून टाकतो. पहिला सल्ला, कलेक्टरसाहेबाले निवेदन द्या. निवेदन देणं हा आमच्या जिल्ह्याचा आवडता उद्योग आहे, माझ्या दुकानाचं निम्मं टायपिंग त्याच्यावरच चालते, म्हणून मी वाईट बोलू नये. पण सरफेसीत कलेक्टरचं काम उलट्या बाजूचं आहे. कलम १४ मध्ये कंपनीच कलेक्टरकडं अर्ज करते की प्रत्यक्ष ताबा मिळवून द्या, अन् तो कागद बरोबर असला की तहसीलदार, पोलीस घेऊन दारात येतात. कर्ज खरं किती, व्याज बरोबर लावलं का, हे तिथं पाहत नाहीत. शून्य स्टार.

दुसरा सल्ला, तालुक्याच्या दिवाणी कोर्टातून मनाई हुकूम आणा. कलम ३४ नं दिवाणी कोर्टाचा रस्ताच बंद आहे अशा मॅटरले, फसवणुकीसारखं काही असलं तर गोष्ट वेगळी. दावा टाकायचा, दोन-तीन तारखा पडायच्या, मग कोर्ट म्हणते इथं चालत नाही, तोपर्यंत खऱ्या जागी जायची मुदत संपलेली. एक जण आमच्याच बाजूच्या गावचा असाच अडकला. हायकोर्टात थेट जायचं म्हटलं तर सुप्रीम कोर्टानं २०१० च्या सत्यवती टंडन केसपासून सांगून ठेवलं आहे की कायद्यात दाद मागायची जागा दिली असताना हायकोर्टानं अशी रिट, म्हणजे थेट याचिका, सहसा घेऊ नये.

तिसरा सल्ला सगळ्यात भारी. थांबा, कर्जमाफी येऊन राहिली. अहो २०१७ ची दीड लाखाची माफी असो का २०१९ ची २ लाखाची, त्या शेतीच्या कर्जाच्या होत्या, घराच्या लोनचा त्याच्याशी काही संबंध नाही. पण माफीत बसल का हा प्रश्न आमच्या इकडं कोणत्याही कर्जाले विचारतात, ट्रॅक्टरच्या, मोबाइलच्या सुद्धा.

अन् चौथा, लिलावाच्या दिवसापर्यंत पैसे भरले तर घर सुटते, घाई कायले करता. पहिले तसंच होतं. २०१६ मध्ये कायदा बदलला, आता लिलावाची जाहिरात निघेपर्यंतच सगळे पैसे भरून घर सोडवता येते, अन् सुप्रीम कोर्टानं सप्टेंबर २०२३ मध्ये बाफना मोटर्सच्या केसमध्ये तेच पक्कं केलं. पेपरात जाहिरात आली की ज्यानं बोली लावली त्याचा हक्क मोठा. इतके वर्ष झाले तरी टपरीवर जुनाच कायदा चालू आहे.

तर आमी काय केलं ते सांगतो. दुकानात बसून भाऊजीच्या अन् ताईच्या सहीनं मराठीत अर्ज टाइप केला, नोटिशीवर ज्याची सही आहे त्या अधिकृत अधिकाऱ्याच्या नावानं. भाषा एकदम साधी. खात्याचं सुरुवातीपासूनचं स्टेटमेंट द्या. विम्याचे ४२ हजार कोणाच्या सहीनं लावले ते दाखवा. रेट बदलला तेव्हा आमाले विचारल्याचा कागद दाखवा. वसुलीवाल्याच्या हाती दिलेल्या रकमा, ज्यांच्या पावत्या आहेत त्या, खात्यात कुठं दिसतात ते दाखवा. पेनलवर पेनल काहून लागलं, कारण रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या नियमानं दंड हा चार्ज म्हणून घ्यायचा, व्याज म्हणून नाही, तो मुद्दलात मिसळून त्यावर पुन्हा व्याज लावायचं नाही, जुन्या लोनलेही ३० जून २०२४ पर्यंत हे लागू करायचं होतं. अन् शेवटी, आमी पैसे बुडवत नाही, कापूस विकला की थकबाकी भरतो, तोपर्यंत गिरणीतून महिन्याले इतके भरतो. हे शेवटचं वाक्य लय कामाचं ठरलं, कारण पुढं प्रत्येक ठिकाणी वकिलानं तेच वाचून दाखवलं. पोचपावतीसह रजिस्टर पोस्ट, एक कॉपी ईमेलवर, एक शाखेत देऊन शिक्का. शाखेतला माणूस शिक्का मारायले तयार नव्हता, ताई म्हणे मी इथंच बसते, मग मारला.

उत्तर आलं, मुदतीतच आलं, हे मान्य केलं पायजे. पण दोन ओळीचं, तुमच्या हरकतीत दम नाही. विम्याबद्दल अक्षर नाही, पावत्यांबद्दल अक्षर नाही. थोड्या दिवसांनी दारावर ताब्याची नोटीस चिकटवून गेले, फोटो काढला, दोन पेपरात छापलं, त्यातला एक मराठी पेपर असावा लागते म्हणून गावात सगळ्यायले समजलं. हा कागदोपत्री ताबा असते, घरातून कोणी काढत नाही लगेच. पण इथून खरं घड्याळ चालू होते, ४५ दिवस, नागपूरच्या डीआरटीत म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात कलम १७ चा अर्ज टाकायचे.

डीआरटीची फी ऐकून लोक घाबरतात, उगाच. कर्जदाराले थकीत रक्कम १० लाखाच्या आत असली तर दर लाखामागं ५०० रुपये, लाखाचा तुकडा पण पूर्ण धरतात. भाऊजीकडं कंपनी ९ लाख ३८ हजार दाखवत होती, फी झाली ५ हजार. वकिलाची फी अन् नागपूरचं जाणं-येणं हा खरा खर्च, यवतमाळवरूनच नागपूर दीडशे किलोमीटर आहे, आमाले त्याहून लांब.

अन् इथं विधी सेवा समिती आली. कोणी सांगतलं नाही आमाले, मी कोर्टात एका शपथपत्राच्या कामाले गेल्तो तिथं जिन्याखाली पाटी दिसली. मोफत वकील मिळते, अन् बाईमाणसाले, एससी-एसटीले, अपंगाले उत्पन्नाची अटच नाही, बाकीच्यायले आपल्या राज्यात वर्षाले ३ लाखाची मर्यादा आहे. ताई लोनमध्ये को-ॲप्लिकंट आहे! कंपन्या बायकोले सहकर्जदार करतात ते वसुली पक्की व्हावी म्हणून, इथं तेच आपल्या कामी आलं. ताईच्या नावानं अर्ज दिला, आधार कार्ड अन् नोटीस जोडली, तिथल्या बाईनं बसवून घेतलं, सगळं ऐकून घेतलं, मधात भाऊजी बोलायले लागले तर म्हणे तुमी थांबा, बाईले बोलू द्या. पॅनलवरचे वकील मिळाले अन् डीआरटीचा अर्ज मुदतीच्या आत ऑनलाइन दाखल झाला. १५१०० हा त्यांचा फोन नंबर आहे, देशभर चालते. अर्धा स्टार कापला तो त्या जिन्याखालच्या पाटीचा. ती पाटी बस स्टँडवर लावा ना बाप्पा, ग्रामपंचायतीत लावा, जिथं नोटीस आलेला माणूस जाते तिथं.

वकील साहेबांनी एक गोष्ट बजावून सांगतली, लोकअदालतीत बोलणी चालू आहेत म्हणून डीआरटीची मुदत जाऊ देऊ नका. दोन्ही सोबत चालवायचं. कंपनीचा माणूस गोड बोलते, बसून मिटवू म्हणते, अन् ४५ वा दिवस निघून जाते. ज्याले नोटीस आली आहे त्यानं एवढं वाक्य कॅलेंडरवर लिहून ठेवा.

राष्ट्रीय लोकअदालत वर्षातून साधारण चारदा भरते, तिथं कंपन्यांचे अधिकारी सही करायचे अधिकार घेऊन बसलेले असतात, शाखेत जो माणूस साहेबाले विचारतो म्हणून महिनोन् महिने लटकवते तोच तिथं पंधरा मिनिटांत हो-नाही करते. समोर आमचा अर्ज, पोचपावत्या, त्यांचं दोन ओळीचं उत्तर. पॅनलवरच्या न्यायाधीश मॅडमनी विचारलं, या पावत्या खात्यात कुठं आहेत. अधिकारी फाइल उलटत राहिला, उलटत राहिला. शेवटी ठरलं ते असं, पेनल अन् बाउन्सचे चार्ज माफ, पावतीच्या रकमा खात्यात धरायच्या, उरलेली थकबाकी कापसाच्या दोन तोड्यांत भरायची, ती पूर्ण भरली की खातं रेग्युलर अन् घरावरची कारवाई मागं. विम्याचे ४२ हजार मात्र सुटले नाहीत, कंपनी अडून बसली, अन् आमी पण ताणलं नाही. लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसते, दोघायलेही बांधील, त्यामुळं सही करायच्या आधी प्रत्येक आकडा पाहून घ्या, नंतर मले हे माहीत नव्हतं चालत नाही. अन् ठरलेला हप्ता चुकला तर तो निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच तुमच्यावर चालते.

सगळ्यायचं असं सुटते असं समजू नका. ज्याचे सलग दोन-दोन वर्ष थकले, ज्यानं नोटिशीले उत्तरच दिलं नाही, त्याले तिथंही कोणी उभं करत नाही. अन् माझ्या काउंटरवर असेही येतात ज्यायले पैसे भरायचेच नाहीत, फक्त तारखा पायजे. त्यायच्यासाठी हे लिहलं नाही.

शेतीच्या जमिनीबद्दल लय जण विचारतात म्हणून मधातच सांगतो. शेतजमीन तारण असली तर सरफेसी लागत नाही, कलम ३१(आय). मग लेआउटवाल्यानं एनए न करता पाडलेला प्लॉट, सातबारावर अजून शेतीच, तो सुटला का? नाही हो एवढं सोपं. सुप्रीम कोर्टानं २०१८ मध्ये पप्पीरेड्डियारच्या केसमध्ये सांगतलं की नुसता महसूल कागद पाहून होत नाही, जमीन खरंच शेतीसाठी आहे का ते पुराव्यावर पाहायचं, अन् २०२३ च्या एका निकालात ते सिद्ध करायचं ओझं कर्जदारावर टाकलं. प्लॉटवर दुमजली घर उभं करून ही शेती आहे म्हणणार तर जज विचारतीलच की पीक कोणतं घेता.

एक चांगला अनुभव सरकारी बँकेवाल्यायच्या बाबतीतला, दुसऱ्याचा आहे. एक रिटायर सर, लोन पूर्ण फेडलं, पण मूळ खरेदीखत मिळेना, शाखा म्हणे मुंबईच्या गोडाऊनले आहे. सप्टेंबर २०२३ चा नियम आहे, पूर्ण परतफेडीपासून ३० दिवसांत मूळ कागद परत करायचे, बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दर दिवशी ५ हजार रुपये भरपाई, १ डिसेंबर २०२३ पासून लागू. मी सरांच्या अर्जात तारीख अन् ही रक्कम दिवसानं गुणून लिहली. गोडाऊनमधून कागद आठवडाभरात आले, भरपाईसाठी मात्र सरांले रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं जावं लागलं. ती तक्रार फुकट असते, आधी बँकेले लेखी द्यायचं, ३० दिवस थांबायचं, मग ऑनलाइन टाकायची नाहीतर चंदीगडले पोस्टानं पाठवायची. पैसे जमा झाले सरांचे. ही सेवा ५ पैकी ४, पोर्टलवर दर दोन मिनिटाले ओटीपी येते अन् आमच्या इकडं टॉवर जाते, एक स्टार त्या टॉवरचा.

पण हाउसिंग फायनान्स कंपनीची तक्रार लोकपाल घेत नाही, ती नॅशनल हाउसिंग बँकेकडं (एनएचबी) जाते, त्यांचं पोर्टल वेगळं. लोक चुकीच्या पोर्टलवर टाकतात, महिन्यानं रिजेक्ट होते, अन् समजतात की आपलं म्हणणंच खोटं ठरलं. अन् मॅटर डीआरटीत किंवा कोर्टात गेलं असलं तर लोकपाल त्याच मुद्द्यावर तक्रार घेत नाही, म्हणून कुठं आधी जायचं ते वकिलाले विचारून ठरवा.

नवीन लोन घेणाऱ्यानं केएफएस म्हणून जो कागद असते तो मागायचा, १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नवीन लोनले तो द्यावाच लागते, तुमाले समजते त्या भाषेत. त्यात विमा, फी सगळं धरून खरा रेट किती पडते ते एका आकड्यात लिहलेलं असते. आमच्या गावचा एक पोरगा मागच्या महिन्यात तो मराठीत पायजे म्हणून अडून बसला तर त्याच कंपनीच्या माणसानं विमा स्वतःहून काढून टाकला.

भाऊजीचं आता असं आहे की पहिल्या तोड्याचे पैसे भरले, दुसऱ्याचे बाकी आहेत. रेट अजून १५ च आहे. रिझर्व्ह बँकेनं २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो साडेसहावरून साडेपाचवर आणला, कंपनीले विचारलं तर म्हणे कन्व्हर्जन फी भरा मग कमी करतो. वर जाताना फी नव्हती, खाली यायले आहे! दुसऱ्या बँकेत लोन न्यायचं म्हटलं तर फ्लोटिंग रेटच्या होमलोनले मुदतीआधी फेडायचा दंड नाही, पण एनपीएचा डाग सिबिलवर बसला आहे, कोणी घेईना. तर रेटसाठी कंपनीले लेखी अर्ज दिला आहे, शिक्का घेतला आहे, महिना झाला की एनएचबीच्या पोर्टलवर टाकतो. उत्तर आलं की इथंच खाली लिहीन, अन् स्टार बदलायचे असले तर तेव्हा बदलू.